विरलेले सूर, उरलेल्या फिती

मैफल संपली की सूर हवेत विरून जातात, असे आपण म्हणतो. ‘ग्रेटफुल डेड’ या अमेरिकन रॉक वाद्यवृंदाच्या बाबतीत मात्र ते खरे नाही. १९६५ साली कॅलिफोर्नियात उदयास आलेल्या आणि जेरी गार्सियाच्या निधनानंतर १९९५ साली थांबलेल्या या वृंदाच्या मैफलींची हजारो ध्वनिमुद्रणे ‘इंटरनेट अर्काइव्ह’ या संगणकीय संग्रहात आज विनामूल्य ऐकता येतात.

हा ठेवा जमला कसा? या कलावंतांनी रसिकांना मैफलीत ध्वनिमुद्रण करू दिले. १९८४ पासून तर टेप घेऊन येणाऱ्यांसाठी वेगळी जागाच राखली. अट एकच : फिती एकमेकांना द्याव्यात, विकू नयेत. कॉर्नेल विद्यापीठातील ८ मे १९७७ ची मैफल बेटी कॅन्टर यांनी ध्वनिमुद्रित केली होती. ती अधिकृतपणे प्रकाशित झाली २०१७ साली; पण तोवर तिच्या प्रती रसिकांच्या हातोहात कित्येक वर्षे फिरल्या होत्या आणि अमेरिकेच्या ‘लायब्ररी ऑफ काँग्रेस’ने तिला राष्ट्रीय ध्वनिमुद्रण नोंदवहीत स्थानही दिले होते.

२००५ साली संग्रहातील मुद्रणे उतरवून घेण्यावर बंधने आली, तेव्हा रसिकांनी निषेध नोंदविला. अखेर श्रोत्यांनी केलेली मुद्रणे पुन्हा खुली झाली. ध्वनियंत्रणेवरून थेट घेतलेली मात्र आता केवळ ऐकता येतात.

यावरून वाटते, जे वाटले जाते तेच टिकते. माझी आजी जात्यावरच्या ओव्या म्हणत असे. माझ्या खिशात मोबाईल होता. त्या टिपून ठेवाव्यात हे मला सुचले नाही. आपल्या घरी अजून कोणी गात असेल, तर मित्रहो, आजच टिपून ठेवा.