शिवछत्रपतींच्या चित्रांतील पाठभेद

पोथीची नक्कल करितांना लेखकाच्या हातून कांहीं प्रमादानें व कांहीं हेतूनें शब्द पालटतात, हें आमच्या संग्राहक वाचकांस सांगणें नलगे. चित्राच्या नकलेंतही हेंच घडतें. मात्र पोथीचे पाठभेद आपण टिपून ठेवितों, चित्राचे ठेवीत नाहीं. या दृष्टीनें शिवछत्रपतींच्या चित्रांचें उदाहरण मननीय आहे.

पहिला पालट नांवाचा. इब्राहिमखान नामक सरदाराचें चित्र दीर्घकाळ महाराजांचें म्हणून प्रचारांत होतें. चित्रांतील एकही रेषा न हलतां, केवळ खालच्या नांवानें लोकांच्या मनांतील मूर्ति बदलली. कै. वा. सी. बेंद्रे यांनीं डच साधनांतील चित्र १९३३ च्या सुमारास प्रसिद्धीस आणून हा भ्रम दूर केला.

दुसरा पालट छपाईचा. व्हॅलेंटाइन याच्या १७२४–२६ मधील डच ग्रंथांत महाराजांचें कोरीव चित्र छापिलें आहे. मूळ चित्र जसेंच्या तसें तांब्याच्या पत्र्यावर कोरिलें, तर छापतांना डाव्याचें उजवें होतें. मुखाची दिशा व शस्त्राचा हात दोन्ही फिरतात. म्हणून अशा छापील चित्रावरून अंगलक्षणांचा निर्णय करूं नये.

तिसरा पालट भक्तीचा. मनुचीसाठीं मीर महंमदानें १६८६ पूर्वीं काढिलेलें अश्वारूढ चित्र पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयांत आहे. तें व आमच्या करवीरचे चित्रकार जी. कांबळे यांचें शासनमान्य चित्र शेजारीं ठेवून पाहावीं. पहिल्यांत समकालीन हाताची नोंद आहे. दुसऱ्यांत तीन शतकांचा आदर रेखाटिला आहे. भालजी पेंढारकरांच्या १९५२ च्या चित्रपटांतील चंद्रकांत मांढरे यांची मुद्राही अनेकांच्या मनीं अशीच ठसली. या कृति आदरणीयच आहेत. परंतु महाराजांचा पोशाख वा चेहरा सिद्ध करण्यास त्यांचा आधार घेणें म्हणजे टीकेवरून मूळ श्लोक ठरविणें होय.

यास्तव जुनें चित्र हातीं येतांच त्याच्या पाठीमागील मजकूर प्रथम उतरून घ्यावा. चौकटींत बसविण्यासाठीं कडा कापूं नयेत. नांव व शिक्का बहुधा तेथेंच असतो. उडालेल्या रंगावर नवा रंग चढवूं नये. हल्लीं संगणकानें जुन्या चित्रांस रंग व डोळ्यांस तेज देतां येतें. तशी प्रत करावयाची तर तिजवर तसें स्पष्ट लिहावें आणि अस्पर्शित मूळ प्रतीचा ठावठिकाणाही नोंदवावा. नाहींतर पुढील पिढी आपल्या सुधारणेसच मूळ मानील.

ज्यांच्या संग्रहीं महाराजांचीं जुनीं चित्रें असतील, त्यांनीं त्यांची मापें, लेख व भेद मंडळास कळवावे, ही विनंति.