भोंगा आणि चौपाटी

सोयगावात सप्ताह बसला की मंडपाच्या आधी भोंगा चढतो. लिंबाच्या फांदीला दोरी, खाली अ‍ॅम्प्लिफायर, आणि पोरगं फुंकर मारत विचारतं, “हॅलो, हॅलो, आवाज येतो का?” अलीकडे टाळकऱ्यांपुढे तिकाटण्यावर मोबाईलही असतो. पुण्यात, सुरतेत कामाला गेलेली पोरं तिकडून गावचं कीर्तन बघतात. बुवा दोन-अडीच तास बोलतात, हशा पिकतो, डोळे भरून येतात. पण मध्येच उठून “बुवा, हे काही पटलं नाही” असं कोणी म्हणत नाही. म्हणायची रीतच नाही.

अशी रीत मुंबईत एकदा होती, आणि रेडिओ यायला तेव्हा सत्तर वर्षं बाकी होती.

विष्णू भिकाजी गोखले, म्हणजे विष्णुबुवा ब्रह्मचारी. जन्म 1825, आताच्या रायगड जिल्ह्यातल्या शिरवलीचा. कस्टम खात्यातली नोकरी सोडली आणि सप्तशृंगीच्या डोंगरात जाऊन बसले. चैत्रात आपल्या खानदेशातून पायी निघणाऱ्यांना तो डोंगर नव्याने सांगायला नको. तिथून उतरले ते बोलायला. तेव्हा मुंबईत मिशनरी भर रस्त्यात उभे राहून हिंदू धर्माची चिरफाड करत. बुवांनी मैदान तेच धरलं.

15 जानेवारी 1857, गुरुवार. समुद्राच्या वाळूत सभा भरली आणि 28 मेपर्यंत चालली. मेरठचा उठाव 10 मेचा. म्हणजे उत्तरेत बंदुका सुटल्यावरही इथे वाद सुरूच होता. समोर जॉर्ज बोवेनसारखे अमेरिकन मिशनरी. माईक नाही, लाटांचा आवाज, आणि तुमचं बोलून झालं की पाळी दुसऱ्याची. बुवांची गोम तिथेच होती: त्यांनी बायबलावरच प्रश्न विचारायला सुरुवात केली. उत्तर देण्याची सवय असलेल्यांना उत्तर द्यावं लागलं.

मला गंमत वाटते ती पुढची. या सभांचा वृत्तान्त त्याच साली इंग्रजीत छापला तो बोवेननेच! प्रतिपक्षाने लिहून ठेवलं म्हणून आज बुवांचे मुद्दे तपासता येतात, आणि लिहिणारा प्रतिपक्ष होता म्हणून जरा जपूनच तपासावे लागतात.

वेदांवरचा त्यांचा भार मला पेलत नाही. सगळ्याचं मूळ तिथेच, असं एकदा ठरवलं की वाद उरतो कुठे? पण हाच माणूस 1867 साली ‘सुखदायक राज्यप्रकरणी निबंध’ लिहितो: जमीन सगळ्यांची, पीक गावच्या सामाईक कोठारात, ज्याला लागेल तेवढं त्याने न्यावं. मार्क्सच्या ‘कॅपिटल’चा पहिला खंडही त्याच सालचा, दोघांना एकमेकांचा पत्ता नव्हता. 1871 मध्ये बुवा गेले.

कापूस वेचून आलेल्या आमच्या माणसांना त्या कोठाराचं कीर्तन ऐकायला आवडलं असतं. मोजमाप कोण करणार, हे मात्र त्यांनी नक्की विचारलं असतं. भोंगा बंद झाल्यावर, पंगतीत.