गुलाबी बोंडअळीचा पतंग गुलाबी नसतो

तापीकाठच्या खानदेशात कापूसवाल्या कुणालाही गुलाबी बोंडअळी ओळखता येते. तिचा पतंग मात्र समोर बसला तरी बहुतेकांना कळत नाही, कारण तोही गुलाबी असेल अशी समजूत. पतंग असतो मळकट करडा-तपकिरी. पुढच्या पंखांवर गडद पट्टे, मागचे पंख रुपेरी, कडेला बारीक केसांची झालर. पंख पसरले तरी जेमतेम दीड-दोन सेंटिमीटर. दिवसा पाचोळ्यात, ढेकळांच्या फटीत दडतो आणि रात्री उडतो. अळीही जन्मतः पांढुरकी. वाढता वाढता गुलाबी होते. तो रंग दिसेपर्यंत ती बोंडात शिरून सरकी खात असते आणि फवारा तिथवर पोचत नाही.

‘ही कीड बीटी बियाण्याबरोबर आली’ हे पारावर हमखास ऐकू येतं. साफ चूक. तिचं शास्त्रीय वर्णन १८४०च्या दशकातलं, तेही भडोचच्या कापसावरून. उलट विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ती सरकीतून इजिप्तला गेली, तिथून मेक्सिकोत आणि १९१७ मध्ये टेक्सासमध्ये.

‘बीटी होतंच बोगस’ हेही अर्धसत्य. २००२ मध्ये आलेल्या पहिल्या बीटीने सुरुवातीला ती नीट आवरली होती. २०१० मध्ये गुजरातेत तिने त्याला दाद देणं बंद केल्याचं जाहीर झालं, पुढे दोन जनुकांच्या बीटीलाही. हिची गुजराण जवळजवळ कापसावरच, त्यामुळे तिची सगळी पिढी बीटीच्या त्याच विषाला सामोरी जाते. विषाला बळी पडणाऱ्या अळ्याही टिकाव्यात म्हणून कडेला लावायच्या बिगरबीटीच्या ओळी फारशा कुणी लावल्या नाहीत, आणि फरदडीच्या लोभाने पीक फेब्रुवारी-मार्चपर्यंत उभं राहिलं. दोष आपलाही आहे.

एकरी दोन कामगंध सापळे टांगले की काम झालं, असंही नाही. त्यात फक्त नर येतात. अंडी घालणारी मादी शेतातच राहते. हे सापळे मोजणीसाठी. सलग तीन रात्री सापळ्यामागे रोज आठ पतंग सापडले, तर फवारणीची वेळ झाली.

अमेरिकेने २०१८ मध्ये ही कीड कापूसपट्ट्यातून संपल्याचं जाहीर केलं. बीटीच्या जोडीला वांझ पतंग सोडले, पऱ्हाट्या वेळेवर नष्ट केल्या. आपल्याकडे वांझ पतंग नसले तरी पऱ्हाटी डिसेंबरअखेर उपटता येते. सरकीत सुप्त राहिलेल्या अळ्यांचे पतंग उन्हाळ्याच्या अखेरीस निघतात. त्यांना पात्या-फुलं मिळाली नाहीत तर त्यांची पिढी तिथेच खुंटते. मेमध्ये केलेली बागायती लागवड मात्र त्यांना नेमक्या वेळी पात्या पुरवते.