काचेआडचा विस्तव

हिवाळ्यात अमेरिकेतल्या मुलाकडे किंवा लेकीकडे जाऊन राहणारे आईवडील आता काही विरळा नाहीत. तिथल्या दिवाणखान्यात भिंतीत बसवलेली लाकडाची शेगडी आणि तिला लावलेली काचेची दारे पाहून मन हरखते. विस्तव डोळ्यांना दिसतो, पण ठिणगी गालिच्यावर येत नाही! मात्र ही दारे केव्हा लावावीत नि केव्हा उघडावीत हे ठाऊक नसेल, तर ऊबही जाते आणि प्रसंगी जिवावरही बेतते.

उघडी शेगडी ऊब देते खरी. पण त्याच वेळी खोलीतली गरम हवा धुराड्यावाटे ओढूनही नेते. अठराव्या शतकाच्या अखेरीस काउंट रम्फर्ड यांनी शेगडी उथळ आणि धुराड्याचा गळा अरुंद करून हे नुकसान कमी केले. काचेचे दार हा त्याच दुखण्यावरचा आणखी एक उपाय.

आधी काच कोणती ते पाहावे. टेंपर्ड काच बरीचशी उष्णता अडवते आणि भडक जाळाने तडकूही शकते. म्हणून जाळ जोमात असताना ही दारे उघडी ठेवून आतली लोखंडी जाळी तेवढी ओढून घ्यावी. सिरॅमिक काच असेल, तर दारे लावूनही ऊब बाहेर येते. शेगडीबरोबर आलेली माहितीपुस्तिका सांगेल ते प्रमाण मानावे.

टेंपर्ड दाराचे खरे काम रात्री. जाळ ओसरून निखारे उरले, की दारे लावून घ्यावीत. म्हणजे खोलीतली ऊब पळत नाही. पण धुराड्यातली झडप मात्र मुळीच लावू नये! राखेखाली निखारा धुमसत आहे तोवर कार्बन मोनॉक्साइड वायू निघतच असतो. त्याला ना रंग, ना वास. निजलेल्या माणसाला त्याचा पत्ताही लागत नाही. बंद खोलीत कोळशाची शेगडी ठेवून झोपू नये, असे आपण म्हणतो ते याचसाठी. झोपण्याच्या खोल्यांजवळ या वायूची सूचना देणारे यंत्र हवेच.

काच चांगलीच तापते. तेव्हा रांगत्या नातवंडाला तीन फूट दूर ठेवील असा कठडा घालावा. लाकूड सुकेच वापरावे. ओल्या लाकडाने काच काळवंडते आणि धुराड्यात पेट घेणारा डांबरी थर साचतो. धुराडे दरवर्षी तपासून घ्यावे. राख झाकणाच्या पत्र्याच्या डब्यात भरून घराबाहेर ठेवावी. त्यातली चिमूटभर थंड राख ओल्या कागदावर घेऊन निवलेली काच पुसली, की ती लख्ख होते. राखेने भांडी घासलेल्या हातांना हे काय शिकवायचे!