क्राकुफची खाद्यफेरी आणि 'पारंपरिक' या शब्दाची उलटतपासणी



"पीएचडीला लागण्याआधी काय शिकून घेऊ?" असं तुमच्यापैकी बरेच जण विचारतात. सॉफ्टवेअर, स्टॅटिस्टिक्स, पेपर कसा वाचायचा, हे सगळं मी आधीच्या लेखांत सांगितलंय. आज सांगणार आहे ते मला चार तास चालत आणि खात कळलं. आणि खरं सांगायचं तर जरा उशिराच कळलं.

माझा विषय नाचणीची आंबील. पीठ आंबतं तेव्हा त्यात कोणते जिवाणू वाढतात, ते मी बघते. मागच्या मार्चमध्ये पोलंडमधल्या क्राकुफ शहरात, म्हणजे आपण ज्याला क्राको म्हणतो तिथे, एका परिषदेत माझं पोस्टर होतं. शीर्षकात ठळक अक्षरांत 'पारंपरिक आंबील'. एक वयस्कर प्राध्यापिका पोस्टरपाशी थांबल्या आणि त्यांनी विचारलं, "पारंपरिक म्हणजे कुणाच्या घरची? आणि कधीपासूनची?"

मी म्हटलं, "आमच्याकडे पूर्वीपासून असंच करतात."

त्या हसल्या, मान हलवली आणि पुढच्या पोस्टरकडे गेल्या. टीका केली असती तर बरं वाटलं असतं. ते हसणं मात्र रात्रभर डोक्यात राहिलं.

दुसऱ्या दिवशी मोकळा वेळ होता. पोलिश पारंपरिक खाण्याची, गाइडसोबतची पायी फेरी मी आधीच बुक केली होती. आम्ही दहा जण होतो आणि गाइड म्हणून पन्नाशीच्या एक हसतमुख बाई. आदल्या दिवशीचा प्रश्न डोक्यात घेऊनच निघाले, त्यामुळे प्रत्येक घासाला मी तोच प्रश्न विचारत गेले: हे पारंपरिक कशावरून?

पहिला थांबा: कागद आहे का?

सुरुवात रिनेक ग्वुव्नी या मुख्य चौकातून झाली. 1257 साली शहराची आखणी झाली, तेव्हाचा हा चौक. एक बाजू साधारण दोनशे मीटर, म्हणजे आपलं एखादं मोठं मैदानच. कोपऱ्याकोपऱ्यावर काचेच्या छोट्या गाड्या आणि त्यात ओब्वाझानेक. कणकेच्या दोन वळ्या एकमेकींना पीळ देऊन केलेलं हे कडं. आधी उकळत्या पाण्यात टाकतात, मग भाजतात. उकळल्यामुळे वरच्या थरातला स्टार्च फुगून चिकट होतो, म्हणून भाजल्यावर त्याला चकाकी येते आणि आतून ते चिवट-मऊ राहतं. वर मीठ, खसखस किंवा तीळ. सकाळचं संध्याकाळी खाल्लं तर दाताला व्यायाम होतो.

गाइडबाई म्हणाल्या, "सहाशे वर्षांहून जुनं आहे." असं तर सगळेच म्हणतात. पण इथे कागद आहे. 1394 सालच्या राजदरबाराच्या हिशेबवहीत राणी यादविगासाठी ओब्वाझानेक घेतल्याची नोंद आहे. 1496 मध्ये राजा यान ओल्ब्राख्त याने ते भाजण्याचा हक्क शहरातल्या बेकरांना दिला. 2010 पासून त्याला युरोपीय संघाचं भौगोलिक मानांकन आहे. व्यास 12 ते 17 सेंटिमीटर, वजन 80 ते 120 ग्रॅम, इतकं नेमकं लिहिलेलं.

इथे एक गोष्ट लक्षात घ्या. 1394 ची नोंद 'तेव्हा हा पदार्थ होता' एवढंच सिद्ध करते. तो तेव्हा आजच्यासारखाच होता, हे सिद्ध करत नाही. 80 ते 120 ग्रॅम ही व्याख्या आपल्या काळातली. पुरावा जेवढं बोलतो तेवढंच त्याच्या तोंडी घालायचं.

एका तारखेने पडलेली गोष्ट

गाडीपाशी उभं असताना कुणीतरी बेगलचा विषय काढला. बेगल हा याच कुळातला. त्याला पीळ नसतो. त्याची एक लाडकी कथा आहे. 1683 मध्ये पोलंडचा राजा यान सोबिएस्की याने व्हिएन्ना तुर्कांच्या वेढ्यातून सोडवलं. तेव्हा एका बेकरने राजाच्या घोडेस्वारीच्या सन्मानार्थ रिकिबीच्या आकाराचा पाव केला, तोच बेगल. ऐकायला छान आहे. पण क्राकुफच्या ज्यू समाजाच्या 1610 च्या नियमांत बेगलचा उल्लेख आहे. कथेच्या 73 वर्षं आधी!

म्हणजे शेकडो पुस्तकांत छापलेली गोष्ट एका जुन्या तारखेने पडते. लिटरेचर रिव्ह्यू करताना हे विसरू नका. दहा पेपर एकच विधान करतात म्हणून दहा पुरावे होत नाहीत. बऱ्याचदा नऊ जणांनी पहिल्याचं उचललेलं असतं.

कागद नसेल तर पदार्थालाच विचारा

पुढचा थांबा मिल्क बार, म्हणजे पोलिश भाषेत बार म्लेच्नी. स्टीलचे ट्रे, काउंटरमागे आवाज देणाऱ्या बायका, भिंतीवर दरपत्रक. आपल्याकडच्या स्वस्त खानावळीसारखंच वातावरण. या खानावळींना सरकारी अनुदान मिळतं आणि ते दुधाच्या व बिनमांसाच्या पदार्थांवर असतं. शाकाहारी मंडळी तिकडे गेलात तर हे ध्यानात ठेवा.

तिथे आम्ही पिएरोगी रुस्किए खाल्ले. उकडीच्या करंजीसारखा आकार, आत उकडलेला बटाटा आणि त्वारुग, म्हणजे नासवलेल्या दुधाचं ताजं चीज, वर परतलेला कांदा. तेराव्या शतकातल्या संत यात्सेक यांनी पिएरोगी आणले, ही दंतकथा तिथे सगळ्यांना पाठ. असेल किंवा नसेल. पण ताटातली ही पिएरोगी तेराव्या शतकातली असूच शकत नाही, कारण बटाटा अमेरिका खंडातला आहे. तो युरोपात आला तोच सोळाव्या शतकात. (आपल्या उपासाच्या बटाट्याला आणि साबुदाण्याला हाच प्रश्न विचारून बघा. घरात मात्र जपून विचारा.)

नावातही एक खड्डा आहे. 'रुस्किए' म्हणजे रशियन नव्हे. 'लाल रुथेनिया' हा जुना प्रदेश, त्याचा मोठा भाग आज पश्चिम युक्रेनमध्ये आहे, त्यावरून ते नाव. 2022 मध्ये रशियाने युक्रेनवर हल्ला केल्यावर काही हॉटेलांनी पाटीवर चक्क 'युक्रेनियन पिएरोगी' लिहायला घेतलं. शब्द ओळखीचा वाटला की आपण अर्थ गृहीत धरतो, तिथेच फसतो.

लेबल आणि प्रक्रिया

चौकातल्या स्टॉलवर शेगडीवर भाजलेलं, धुरावलेलं चीज आणि वर लाल क्रॅनबेरीचा मुरांबा. विक्रेता म्हणाला, "ओस्त्सिपेक!" ओस्त्सिपेक हे तात्रा डोंगरातल्या मेंढपाळांचं चीज. 2008 पासून त्याचं नाव संरक्षित आहे आणि नियमानुसार त्यात किमान 60 टक्के दूध मेंढीचं लागतं. ते बनतं मे ते सप्टेंबर या काळात, कारण मेंढ्या डोंगरावर चरायला तेव्हाच असतात.

आणि आम्ही कुठल्या महिन्यात खात होतो? मार्चमध्ये! गाइडबाईंना विचारलं, तेव्हा त्या डोळे मिचकावून म्हणाल्या, "हे त्याचं गाईच्या दुधाचं भावंड. चव चांगली आहे ना? मग खा." प्रयोगशाळेत न जाता फक्त कॅलेंडर बघून लेबल तपासता आलं. डेटा कसा तयार होतो हे माहीत असेल, तर तो कधी खोटा बोलतो हेही कळतं.

असंच काकड्यांचं. पोलंडच्या दुकानात दोन बरण्या शेजारी शेजारी असतात. 'किशोने' म्हणजे मिठाच्या पाण्यात आंबवलेल्या. यातला आंबटपणा जिवाणूंनी तयार केलेल्या लॅक्टिक आम्लाचा असतो, आणि पाणी गढूळ असतं. 'कॉन्सेर्वोवे' म्हणजे व्हिनेगरमध्ये घातलेल्या. पाणी स्वच्छ, आंबटपणा बाहेरून ओतलेला. आपण दोन्हींना सरसकट 'लोणचं' म्हणून मोकळे होऊ. त्यांनी व्याख्या बरणीवरच लिहिली आहे. तुमच्या प्रबंधातल्या मुख्य शब्दाला असं लेबल आहे का?

शेवटचा थांबा: जे दिसत नाही

फेरी संपली काझिमिएश भागात, प्लात्स नोवी चौकात. मधोमध ओक्रोंग्लाक नावाची गोल इमारत आणि तिच्या खिडक्यांतून मिळणारं झापिएकांका. हे म्हणजे अर्धा लांब पाव, त्यावर मशरूम, चीज आणि केचप. हा पदार्थ 1970 च्या दशकातला, साम्यवादी काळातला. तरीही 'पारंपरिक' फेरीत त्याला मानाचं पान. पन्नास वर्षं म्हणजे परंपरा का? कुणाची आजी तो खात मोठी झाली असेल, तर तिच्या नातवासाठी आहेच की. फक्त 'पूर्वीपासून' न म्हणता दशक सांगायचं.

मी खात होते, तेव्हा गाइडबाई थोड्या गप्प झाल्या. मग म्हणाल्या, "ही इमारत 1900 ची. युद्धाआधी इथे ज्यू रीतीने कोंबड्या कापायचे." काझिमिएश ही शतकानुशतकं ज्यू वस्ती होती. युद्धाआधी शहरातला जवळपास दर चौथा माणूस ज्यू होता. 1941 च्या मार्चमध्ये त्यांना नदीपलीकडच्या पोदगुझेमधल्या घेट्टोत कोंडलं. 1943 च्या मार्चमध्ये तो घेट्टो रिकामा केला. बहुतेक जण मारले गेले. आज तिथे 'ज्यू पद्धतीची' हॉटेलं आहेत. बरीचशी 1989 नंतर पर्यटक वाढले तशी उघडलेली, आणि सगळीच कोशर नाहीत.

त्या म्हणाल्या, "मी तुम्हाला उरलेल्याची चव देते. जे गेले त्यांच्या स्वयंपाकघरात मी तुम्हाला नेऊ शकत नाही."

पुस्तकात 'सर्व्हायवरशिप बायस' मी कितीदा वाचलं होतं. म्हणजे जे टिकलं त्यावरूनच सगळ्याचा अंदाज बांधणं. पण त्या चौकात, हातात गरम पाव धरून, तो शब्द पहिल्यांदा नीट कळला.

आणि मग माझी आंबील

परतीच्या विमानात मी माझी नमुन्यांची वही उघडली. आंबिलीचे बारा नमुने, बारा घरं. घरं कुणी निवडली? गावातल्या एका ओळखीच्या काकूंनी. फार मायेने त्या मला घरोघरी घेऊन फिरल्या होत्या. "तिच्याकडची नको गं, ती ताक विकतचं वापरते. चल, तुला चांगल्या घरी नेते." मी खूश होते. नऊ घरं एकाच गल्लीतली निघाली, आणि बहुतेक काकूंच्या नात्यातली.

म्हणजे माझ्या अभ्यासालाही गाइड होता, आणि मी ते कुठेच लिहिलं नव्हतं. 'पारंपरिक आंबील' म्हणून मी जे मोजलं, ते 'काकूंना योग्य वाटणारी आंबील' होतं. विकतचं ताक घालणाऱ्या, शेताच्या बांधावर डब्यातून नेणाऱ्या, दुसऱ्या वस्तीतल्या बायका माझ्या डेटात नव्हत्याच.

माझ्या मार्गदर्शक मॅडमना सांगितलं. त्या शांतपणे म्हणाल्या, "आता कळलं ते बरं झालं. व्हायव्हात कळलं असतं तर?" सहा महिने वाढले. दुसऱ्या वस्त्यांमधून, काकूंशिवाय, नमुने पुन्हा घेतेय. काकूंचे नमुने फेकले नाहीत, पण ते कसे निवडले ते आता पद्धतीच्या प्रकरणात स्पष्ट लिहिलंय.

गाइड वाईट नसतो. त्या बाई नसत्या तर मला क्राकुफमध्ये पावापलीकडे काही कळलं नसतं. तुमचे सिनियर, तुमचे सर, एखादा गाजलेला रिव्ह्यू पेपर, सर्चमध्ये वर येणारे पहिले दहा निकाल, हे सगळे गाइडच. त्यांचं बोट धरून जा, फक्त हातात वही ठेवा.

आज एवढंच करा. तुमच्या प्रपोजलमधला सगळ्यात लाडका शब्द घ्या: 'पारंपरिक', 'ग्रामीण', 'प्रभावी', जो असेल तो. त्याच्यापुढे चार उत्तरं लिहा. कधीपासून? कशावरून? कुणाच्या मते? आणि या यादीत कोण नाही?

चौथ्या उत्तराला वेळ लागेल. लागू द्या. मला सहा महिने लागतायत.

काय सापडलं ते कमेंटमध्ये जरूर सांगा. भेटू पुढच्या लेखात!