थिओडोर कूक : अभियंता आणि वनस्पतिशास्त्रज्ञ

पुणे शहरात मुळा-मुठेच्या संगमाजवळ अभियांत्रिकी महाविद्यालयाची जुनी दगडी इमारत उभी आहे. रस्ते, पूल आणि पाटबंधारे बांधण्यासाठी जाणती माणसे हवीत, म्हणून १८५४ साली सुरू झालेल्या एका लहानशा वर्गातून ही संस्था वाढली. १८६५ ते १८९३ अशी अठ्ठावीस वर्षे तिची धुरा थिओडोर कूक या आयरिश गृहस्थांनी वाहिली. लोखंड, दगड आणि गणित हा त्यांचा व्यवसाय. परंतु त्यांची कीर्ती टिकली ती गवत, वेली आणि रानफुले यांच्यामुळे.

कूक यांचा जन्म १८३६ साली आयर्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील ट्रॅमोर या गावी झाला. डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात त्यांनी शिक्षण घेतले. गणितात व अभियांत्रिकीत त्यांनी चांगलेच नाव मिळवले. पुढे १८६० साली ते हिंदुस्थानात आले. त्या वेळी गुजरातकडून मुंबईकडे येणाऱ्या लोहमार्गाचे काम चालू होते. वाटेत वसईची खाडी आडवी पसरली होती. भरती-ओहोटीचे पाणी आणि पायाखालचा चिखल यांना तोंड देत तेथे लोखंडी पूल उभारावयाचा होता. हे अवघड काम कूक यांनी पार पाडले.

त्यानंतर ते पुण्यास आले. महाविद्यालयाचा विस्तार होत गेला. अभियांत्रिकीच्या जोडीस शेती आणि वने या विषयांचेही शिक्षण तेथे मिळू लागले, आणि १८८० साली संस्थेला विज्ञान महाविद्यालय हे नाव मिळाले. थोर अभियंते मोक्षगुंडम विश्वेश्वरय्या हे याच काळात तेथे शिकले आणि १८८३ साली उत्तीर्ण झाले.

अध्यापनाबरोबरच कूक यांनी पश्चिम भारतातील वनस्पतींचा मोठा संग्रह उभारण्यास प्रारंभ केला. असा संग्रह करणे वाटते तितके सोपे नाही. प्रथम रोपटे पानाफुलांसह काळजीपूर्वक काढावयाचे. ते कागदांच्या घड्यांमध्ये दाबून वाळवावयाचे. ओलसर झालेले कागद वरचेवर बदलावयाचे, नाही तर बुरशी चढून सारे श्रम वाया जातात. वाळलेले रोप जाड कागदावर पक्के करून त्याखाली स्थळ, दिवस आणि ते गोळा करणाऱ्याचे नाव लिहावयाचे. शिवाय प्रत्येक फूल आपल्या सोयीने फुलत नाही. तेरडा पावसाळ्यात डोंगरउतार रंगवून थोड्याच काळात नाहीसा होतो; आणि सह्याद्रीवरील कारवी तर साधारणपणे सात वर्षांतून एकदाच फुलते! संधी हुकली, की पुन्हा वाट पाहणे आले.

१८९० साली भारतीय वनस्पती सर्वेक्षणाची स्थापना झाली आणि पश्चिम भारतातील काम कूक यांच्याकडे आले. तीन वर्षांनी ते निवृत्त होऊन इंग्लंडला परतले. त्यांचे वय तेव्हा सत्तावन्न वर्षांचे होते. एखाद्याने उरलेले आयुष्य विश्रांतीत घालविले असते. कूक यांनी मात्र लंडनजवळील क्यू येथील विख्यात वनस्पतिसंग्रहालयात बसून मुंबई इलाख्यातील वनस्पतींचा ग्रंथ लिहावयास घेतला. कोकण, दख्खन, गुजरात, कानडा आणि सिंध एवढा विस्तीर्ण प्रदेश त्यांनी त्यात सामावून घेतला. ग्रंथाचा पहिला भाग १९०१ साली निघाला आणि शेवटचा १९०८ साली. तेव्हा कूक यांना बहात्तरावे वर्ष लागले होते. पुढे दोनच वर्षांनी, १९१० साली, त्यांचे निधन झाले.

या ग्रंथातील एक लहानशी खूण ध्यानात घेण्याजोगी आहे. वनस्पती कोठे सापडली, हे सांगून कूक ती आणणाऱ्याचे नाव देतात आणि पुष्कळ नावांपुढे उद्गारचिन्ह घालतात. हे चिन्ह आश्चर्याचे नव्हे. ‘या गृहस्थाने आणलेले रोप मी स्वतः पाहिले आहे,’ असा त्याचा अर्थ आहे. पुलाची प्रत्येक कडी तपासून घेण्याची अभियंत्याची सवय त्यांनी येथेही सोडली नाही. त्या नावांत वुड्रो यांच्यासारखे प्राध्यापक आहेत, तसेच कानिटकर आणि भिवा ही आपल्याकडील नावेही आहेत. डोंगरदऱ्या तुडवून रोपे आणणाऱ्या या माणसांची माहिती इतिहासात फारशी आढळत नाही. परंतु ग्रंथाच्या पानापानांवर त्यांच्या कष्टांची नोंद राहिली आहे.

देश स्वतंत्र झाल्यावर १९५५ साली वनस्पती सर्वेक्षणाचा पश्चिम विभाग पुण्यात सुरू झाला आणि १९५८ साली कूक यांचा ग्रंथ पुन्हा छापण्यात आला. त्याचा उपयोग आजही होतो. गावे वाढली, माळ नांगरले गेले, टेकड्यांवर घरे झाली. अशा ठिकाणी पूर्वी कोणती वनस्पती होती आणि आता ती उरली आहे काय, हे जाणण्यासाठी अभ्यासक त्या जुन्या नोंदी काढून पाहतात. नोंदच नसती, तर काय हरवले हेही कोणास कळले नसते.

वसईच्या खाडीवर कूक यांनी दोन तीर जोडले. या ग्रंथाने त्यांनी मागची पिढी आणि पुढची पिढी जोडली.