'क्युडॉस'चा धनी कोण?



तलासरीला कीर्तन झालं, मंडळी पांगली आणि कॉलेजातल्या एका पोराने मोबाईलवर लिहून पाठवलं : 'क्युडॉस, महाराज!' खरं सांगतो, अर्थ कळायच्या आधीच मी सुखावलो. कौतुकाची भूक ही अशी असते बरं का!

मग अर्थ विचारून घेतला. क्युडॉस हा मूळचा ग्रीक शब्द. अर्थ कीर्ती, विजयाचं तेज. विद्यापीठातल्या पोरांच्या बोलीतून तो इंग्रजीत रुळला. आज तो 'शाबास' म्हणावं तसा वापरतात. शेवटी 'स' आहे म्हणून पुष्कळांना तो अनेकवचनी वाटतो, पण मुळात आहे एकवचनी. एक क्युडो, दोन क्युडॉस असा हिशेब नाही. आपण तरी 'दोन यश' म्हणतो का? कीर्ती मोजायची नसते.

आपल्याकडे कीर्ती आणि कीर्तन एकाच घरची भावंडं. पण कीर्तनातली कीर्ती देवाची. गाणारा नुसता हमाल. ओझं मालकाच्या दारी उतरवायचं, वाटेत गाठोडं सोडायचं नाही!

डहाणू तालुक्यातल्या गंजाडचे जिव्या सोमा म्हसे आठवा. त्यांची वारली चित्रं देशोदेशी गेली, २०११ साली पद्मश्री मिळाली. कौतुक रास्तच होतं. पण त्यांच्या आधी पिढ्यान्‌पिढ्या लग्नघरी सवाशिणींनी तांदळाच्या पिठाने भिंतीवर चौक लिहिला, त्यात पालघट देवी मांडली. त्या चौकाखाली कुणीही आपलं नाव घातलं नाही. लग्न लागलं, देवी प्रसन्न झाली, एवढ्यातच त्यांचं समाधान. म्हसेबाबांची कला उगवली ती याच भिंतीवर.

म्हणून वाचकहो, दोन गोष्टी धरा. दुसऱ्याने चांगलं केलं तर शाबासकी द्यायला कंजूषपणा करू नका. भंडाऱ्याचा भात रांधणाऱ्या बाईला कधी कुणी 'छान झालाय' म्हणतं का? उद्या म्हणा. आणि शाबासकी आपल्या वाट्याला आली, तर ज्यांनी शिकवलं त्यांच्याकडे आणि शेवटी देवाकडे पोचती करा.

त्या पोराला मी उत्तर लिहिलं : 'बाळा, तुझा निरोप पोचला. मालकाला सांगतो.'

बोला, पुंडलिक वरदे हरी विठ्ठल!